‘शोभेची बाहुली’ म्हटलं की विषय संपत नाही

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. इंग्लंडच्या रंगभूमीवरच्या पहिल्या नट्यांबद्दल मी लिहिलं, त्यावर तुमचं म्हणणं थोडक्यात असं: बाईला रंगमंचावर आणलं ते राजाच्या आणि दरबाऱ्यांच्या डोळ्यांचं पारणं फेडायला, तिच्या भल्यासाठी नव्हे, तीच कामं एडवर्ड कायनॅस्टनसारखे स्त्रीपार्टी नट सरस करत होते, आणि पहिली नटी म्हणून मी जे नाव ठासून सांगितलं, त्याला पुरावा नाही.

शेवटचं आधी घेते. तिथे तुमचंच बरोबर आहे, माझं चुकलं. ८ डिसेंबर १६६० ला लंडनमध्ये व्हीअर स्ट्रीटवरच्या नाट्यगृहात (मूळचं ते टेनिस खेळायचं कोर्ट) किलिग्रूच्या नाटक मंडळीनं ‘ऑथेल्लो’ केलं आणि डेस्डिमोनाचं काम एका बाईनं केलं. कुणी मार्गारेट ह्यूजचं नाव घेतं, कुणी ॲन मार्शलचं. मी ह्यूज लिहून मोकळी झाले. मूळ लेखात ते दुरुस्त केलंय.

त्या खेळासाठी टॉमस जॉर्डननं लिहिलेली पद्य प्रस्तावना मात्र आजही वाचायला मिळते. नट पुढे येऊन प्रेक्षकांना सांगतो, आज खरीखुरी बाई काम करणार आहे, मी आत्ताच तिला आत नटून तयार झालेली बघून आलोय. मग तो आपल्याच लोकांची टर उडवतो: आमच्यात बायकांची कामं करणारे चाळिशी-पन्नाशीचे बाप्ये, हाडापेरानं असे दांडगे की हाक मारावी डेस्डिमोनाला आणि आत यावा राक्षस. यात तथ्य होतं. १६४२ पासून अठरा वर्षं नाट्यगृहं बंद होती, त्यामुळे स्त्रीभूमिकांसाठी नवी पोरं तयारच झाली नव्हती. पण एवढं सगळं बोलणारी ती प्रस्तावना त्या बाईचं नाव एकदाही घेत नाही. तुमच्या पहिल्या मुद्द्याला याहून मोठा पुरावा मी तरी कुठून देणार? पुढे नाटककारांनी नट्यांना पुरुषवेषाच्या भूमिका लिहून दिल्या त्याही बऱ्याचदा तंग विजारीत पाय दिसावेत म्हणून, हेही मान्य.

पण ‘म्हणून त्यात बाईचं कर्तृत्व काही नाही’ असं जे तुम्ही पुढे जोडता, ते मला पटत नाही. तिला कशासाठी आणलं हा आणणाऱ्यांचा हिशेब झाला. आल्यावर तिनं काय केलं हे वेगळं विचारायला हवं, आणि ते बघायला प्रेक्षागृहातून उठून पडद्यामागे जावं लागतं.

कायनॅस्टनला मी कमी लेखत नाही. त्या काळची रोजनिशी लिहून ठेवणाऱ्या सॅम्युअल पेपिसनं १६६१ च्या जानेवारीत त्याला पाहिलं आणि सगळ्या नाट्यगृहात तोच सर्वांत देखणी स्त्री दिसत होता, असं डायरीत लिहिलं. ज्या महाराष्ट्रात बायका बालगंधर्वांचं बघून साडी नेसायला शिकल्या, तिथल्या वाचकाला हे वेगळं समजवायला नको. पण फरक बघा. बायका आल्यावर कायनॅस्टन पुरुषभूमिकांकडे वळला आणि पुढे कित्येक वर्षं मानानं काम करत राहिला. त्याला दुसरं दार होतं. नट्यांना हे एकच दार होतं, आणि त्याच्या बाहेर काय उभं असायचं तेही ऐका. १६९२ च्या डिसेंबरात ॲन ब्रेसगर्डल या नटीला कॅप्टन हिल आणि लॉर्ड मोहन यांनी भर रस्त्यात गाडीत कोंबून पळवायचा प्रयत्न केला. आईनं तिला घट्ट धरून ठेवलं, लोक जमले, म्हणून ती वाचली. त्याच रात्री तिच्याबरोबर काम करणाऱ्या विल्यम माउंटफर्टला हिलनं तलवारीनं भोसकलं. हिल पळाला. मोहनवर उमरावांच्या सभेत खटला चालला आणि तो निर्दोष सुटला. ब्रेसगर्डल पुन्हा रंगमंचावर उभी राहिली. १६९५ मध्ये नाट्यगृहाच्या मालकाच्या जाचाला कंटाळून टॉमस बेटर्टन या नटानं लिंकन्स इन फील्ड्समध्ये वेगळी मंडळी काढली, तेव्हा ती आणि एलिझाबेथ बॅरी ही दुसरी नटी त्यात भागीदार होत्या. शोभेच्या बाहुलीला कुणी भागीदारी देत नाही.

मला खरं सांगायचंय ते पुढच्या, अठराव्या शतकातल्या किटी क्लाइव्ह या नटीबद्दल. मूळ लेखात ती राहूनच गेली होती.

विनोदी कामांत आणि गाण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. १७३७ च्या नाट्यगृह-परवाना कायद्यानंतर लंडनमध्ये परवान्याची दोनच नाट्यगृहं उरली, ड्रुरी लेन आणि कॉव्हेंट गार्डन. दोन्हीकडच्या चालकांनी संगनमत करून नटांचे पगार पाडले. एकीकडे पटलं नाही तर जायचं कुठे? क्लाइव्हनं १७४४ मध्ये स्वतःच्या नावानं पत्रक छापलं आणि गाऱ्हाणं थेट लोकांपुढे मांडलं. ते रडगाणं नाही, हिशेब आहे. नटाला काढायचं तर हंगाम संपताना सांगायची रीत, म्हणजे त्याला दुसरीकडे सोय बघता येते. मला सांगितलंच नाही, म्हणते. बेनिफिटचा खेळ, म्हणजे ज्याचं उत्पन्न त्या कलावंताला मिळतं तो. त्याचा खर्च नऊ वर्षं माझ्याकडून कुणी घेतला नव्हता, तो आता घेतला. वर रंगमंचावरच्या कपड्यांसाठी पदरमोड होते ती वेगळीच.

हे वाचताना मला भूमिका, सौंदर्य, दरबार काही दिसत नाही. आपल्या कामाचं मोल पै-पैसा माहीत असलेली आणि ते चारचौघांत मांडायला न लाजणारी एक बाई दिसते. पुढच्या वर्षी ती ड्रुरी लेनला परतली आणि १७६९ मध्ये स्वतःहून निवृत्त होईपर्यंत काम करत राहिली.

१७५० मध्ये तिनं स्वतःच्या बेनिफिटसाठी एक प्रहसन लिहिलं. त्यात मिसेस हॅझर्ड नावाची नाटककार बाई आपल्या नाटकाची तालीम घेतेय. ती भूमिका क्लाइव्हनंच केली. तालमीला मुख्य नटीचा पत्ता नाही. ती नटी म्हणजे मिसेस क्लाइव्ह. तिचा निरोप येतो: आज जमायचं नाही, बेनिफिटच्या कामासाठी काही बायकांना भेटायला जायचंय. मिसेस हॅझर्ड भडकते आणि म्हणते, मग तिचं काम मीच करते.