बांध कोरला? थेट ठाण्यात जा!

शेजाऱ्यानं यंदाही नांगरताना बांध कोरला ना? हातभर? मग आता हद्द कायम मोजणी, दिवाणी दावा, मनाई हुकूम असल्या भानगडीत पडू नका. मोजणीची तारीख पडेपर्यंत सोयाबीन निघून हरभरा पेरून होतो. सरळ पोलीस ठाणं गाठा.

जाताना सातबारा, फेरफार आणि आजोबांच्या नावाची पिवळी पडलेली शेतसाऱ्याची पावती पिशवीत घ्या. पिशवी खताच्या दुकानाची असेल तर उत्तम, माणूस अस्सल शेतकरी वाटतो. ठाणे अंमलदाराच्या टेबलावर सगळं पसरा आणि गट नंबरावर बोट ठेवा. सातबाऱ्यावरची नोंद उलट सिद्ध होईपर्यंतच खरी धरतात, मालकीचा निवाडा दिवाणी कोर्टच करतं, हे सुप्रीम कोर्टानं कितीदा सांगितलं असेल. सांगू द्या. भूकरमापकाला नकाशा लागतो, फौजदाराला नुसत्या नजरेनं हद्द दिसते. कमरेला पट्टा थोडाच असतो, मोजणीची साखळी असते ती.

अंमलदार मान वर न करता म्हणेल, "काका, हे दिवाणी मॅटर आहे." खचू नका. नुसता बांध कोरला तर दिवाणी, पण 'कुऱ्हाड घेऊन अंगावर धावून आला' म्हटलं की फौजदारी. त्याची कुऱ्हाड गोठ्यात गंजत पडली असली तरी अर्जात तिला धार लावता येते. खोट्या फिर्यादीलाही कलम आहे म्हणतात, पण ते आपल्याला लागत नाही. आपली बाजू खरी आहे ना!

एवढं करूनही बहुधा हातात एनसीच, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंदच पडेल. मॅजिस्ट्रेटनं सांगितल्याशिवाय पोलिसांना तिचा तपाससुद्धा करता येत नाही. लॅमिनेट करून घ्या, पावसात टिकेल.

"मग निदान ताबा तरी मिळवून द्या," असा हट्ट धरा. कोर्टाचा हुकूम आणा, बंदोबस्त देतो, असं उत्तर येईल. घ्या! हुकूम आणायचा असता तर इथं कशाला आलो असतो? एखादा आगाऊ वकील तुम्हाला 1963 च्या विशिष्ट अनुतोष कायद्याचं कलम 6 दाखवेल. जबरदस्तीनं ताबा काढून घेतला असेल तर मालकीचा घोळ न घालता तो परत मागता येतो, फक्त दावा सहा महिन्यांच्या आत लावायचा. वाट अडवली असेल तर 1906 चा मामलेदार न्यायालय कायदा आहे, अर्ज तहसीलदाराकडे, मुदत तीच, सहा महिने. हे सहा महिने ठाण्याच्या बाकड्यावर काढायचे. बाकडं सावलीत असतं.

आणि हो, पहिला नंबर आपला लागला पाहिजे. शेजारी आधी पोचला आणि साहेबांनी फोनवरून "उद्यापासून बांधावर पाय ठेवायचा नाही" असा दम तुम्हालाच भरला, तर मात्र लगेच आवाज चढवा. "हा दिवाणी वाद आहे, पोलिसांचा संबंध काय?" त्या घटकेला सगळी कलमं आपोआप तोंडपाठ होतात. मी भल्याभल्यांना होताना पाहिलंय.

परवा आमच्या तालुक्याच्या ठाण्यात दोघं चुलतभाऊ बाकड्याच्या दोन टोकांना बसले होते. दोघांच्या मांडीवर एकाच दुकानाच्या खताच्या पिशव्या. दुपारभर साहेब बंदोबस्तावर. संध्याकाळी आले, कागदांकडे बघितलंही नाही, दोघांनाही 'गुन्हा करू नका' अशी ताकीद देणारी कलम 168 ची नोटीस दिली (पूर्वीची 149 हो, नंबर तेवढा बदललाय) आणि सह्या घेतल्या.

बाहेर आले तेव्हा धाकट्याच्या गावाची शेवटची एसटी गेली होती. थोरल्यानं मोटरसायकलला किक मारली, वळून न बघता म्हणाला, "बस."

मागं बसलेल्याच्या हातात दोन्ही पिशव्या होत्या.