मुद्दल ७६२ रुपये

एप्रिल २०२३. आयकरासाठी गृहकर्जाच्या व्याजाचा दाखला लागतो, तो काढायला बँकेच्या साइटवर गेले होते. दाखला मिळाला, त्याच्या शेजारीच खातेउतारा होता म्हणून तोही उघडला. शेवटची ओळ अशी होती: हप्ता ३०,४१५. व्याज २९,६५३. मुद्दल ७६२.

मला वाटलं छपाईची चूक असेल. ७,६२० असेल, एक शून्य गळालं असेल. वरच्या ओळी बघितल्या. जानेवारीत पंधराशेच्या आसपास, त्याआधी ऑक्टोबरात अडीच हजार, आणि अगदी सुरुवातीला, २०२१च्या एप्रिलमध्ये, ७,९१५. दोन वर्षांत आमच्या हप्त्यातलं मुद्दल असं घरंगळत खाली आलं होतं आणि घरात कुणाला पत्ता नव्हता. मी भोसरीच्या एका वर्कशॉपमध्ये अकाउंट्स बघते. दर पंधरा दिवसांनी कंपनीचं बँक खातं टॅलीशी पैशापैशानं जुळवते. घरच्या सगळ्यात मोठ्या देण्याचा उतारा मात्र दोन वर्षांत एकदाही उघडला नव्हता, कारण हप्ता वेळेवर जात होता आणि हप्ता गेला म्हणजे सगळं ठीक आहे असंच मी धरून चालले होते.

हे सविस्तर लिहितेय, कारण गेल्या महिन्यात ऑफिसातल्या एका मुलीनं फ्लॅट बुक केला. पेढे वाटले. सगळ्यांनी तिला एकच प्रश्न विचारला, "हप्ता किती बसतो?" आम्हालाही तेव्हा सगळ्यांनी हेच विचारलं होतं. आम्हीही स्वतःला हेच विचारलं होतं.

आमचं घर पिंपळे गुरवला, रीसेलचं. मार्च २०२१मध्ये घेतलं. मुद्रांक शुल्कातली दोन टक्क्यांची सवलत ३१ मार्चला संपणार होती, त्यामुळे रजिस्ट्रेशन ऑफिसात ही गर्दी, आणि त्या घाईत आम्हीही. घराची किंमत ५२ लाख. त्यावर मुद्रांक शुल्क दोन लाख आठ हजार, नोंदणी फी तीस हजार, सोसायटीची ट्रान्सफर फी पंचवीस हजार, एजंटचे बावन्न हजार. म्हणजे किल्ली हातात येईपर्यंत ५५ लाखांच्या वर गेलो होतो. कर्ज ४० लाख, २० वर्षं, दर पावणेसात टक्के, रेपोशी, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं उधार देते त्याच्याशी, जोडलेला. ज्यानं कर्जाची फाइल केली त्याचं वाक्य अजून आठवतं: "मॅडम, भाडं सोळा हजार भरताच ना? वरचे चौदा घातले की घर स्वतःचं."

हे वाक्य ऐकायला इतकं सरळ वाटतं की त्यातून काय निसटलंय ते लक्षातच येत नाही. ३०,४१५ गुणिले २४० हप्ते म्हणजे ७३ लाख. चाळीस लाखांवर तेहतीस लाख व्याज. आपले घातलेले बारा लाख आणि वरचे खर्च धरले तर ५२ लाखांचं घर ८८ लाखांना पडणार होतं, तेही दर २० वर्षं एका जागी राहिला तर. हा गुणाकार त्या टेबलावर दोन मिनिटांत झाला असता. कुणी केला नाही. मीही नाही.

आणि दर एका जागी राहणार नव्हताच. रिझर्व्ह बँकेनं कोविडच्या काळात रेपो ४ टक्क्यांवर आणला होता. आम्ही कर्ज घेतलं ते दर अगदी तळाशी असताना. ४ मे २०२२ला अचानक ०.४० टक्क्याची वाढ जाहीर झाली, मग जूनमध्ये अर्धा टक्का, ऑगस्टमध्ये अर्धा, सप्टेंबरमध्ये अर्धा, आणि फेब्रुवारी २०२३ येईपर्यंत रेपो साडेसहा. नऊ महिन्यांत अडीच टक्के. आमचा दर पावणेसातवरून सव्वानऊ झाला. हप्ता मात्र तोच राहिला, ३०,४१५, कारण अशा वेळी बहुतेक बँका हप्ता न वाढवता मुदत वाढवतात. ग्राहकाला झळ लागू नये म्हणून, असं सांगतात. मला तीन एसएमएस आले होते. "व्याजदर सुधारित, मुदत सुधारित." ओटीपी आणि ऑफर यांच्या गर्दीत ते कधी पुसले गेले आठवतही नाही.

त्या रात्री जेवणं झाल्यावर लॅपटॉप घेऊन बसले. एक्सेलमध्ये शिल्लक टाकली, ३८ लाख ४७ हजार. दर सव्वानऊ. हप्ता ३०,४१५. किती हप्ते लागतील?

४८०.

चाळीस वर्षं. दोन वर्षं हप्ते भरून झाल्यावर अठरा वर्षं उरायला हवी होती, तिथे त्याच हप्त्यात चाळीस वर्षं लागणार होती. मी तेव्हा चाळीस वर्षांची होते. नवरा भांडी पुसत होता, त्याला हाक मारली. तो टॉवेल खांद्यावर टाकून स्क्रीनकडे बघत राहिला आणि म्हणाला, "आपण दोन वर्षांत भरले किती?" सात लाख तीस हजार. "आणि कमी झाले किती?" एक लाख त्रेपन्न हजार. तो खुर्ची ओढून बसला. आम्ही दोघं बराच वेळ काही बोललो नाही.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा, कारण मलाही तो होता. "बँक आधी सगळं व्याज कापून घेते, मग मुद्दल घेते" असं सगळे म्हणतात. तसं नसतं. उरलेल्या शिल्लकेवर त्या महिन्याचं व्याज लागतं, ते वळतं करून हप्त्यातलं जे उरेल ते मुद्दलात जातं. शिल्लक मोठी असते तेव्हा व्याज मोठं, म्हणून मुद्दलाला वाटा लहान. यात फसवणूक नाही. पण म्हणूनच दर थोडा जरी वाढला आणि हप्ता तोच ठेवला तर पहिला घास मुद्दलाचा जातो. व्याज आपले पूर्ण पैसे घेऊनच उठतं. दर न बदलताही हे गणित जड आहे: ४० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं धरा. हप्ता ३४,७१३. दहा वर्षं, म्हणजे अर्धी मुदत, एकही हप्ता न चुकवता भरलात, साडेएकेचाळीस लाखांच्या वर भरलेत, तरी शिल्लक असते २८ लाख. अर्ध्या वाटेवर कर्ज अर्धं झालं असेल असं आपल्याला वाटतं. ते एक तृतीयांशही फिटलेलं नसतं.

दुसऱ्या दिवशी अर्ध्या दिवसाची रजा टाकून शाखेत गेले. तिथला अधिकारी चांगला होता, त्याच्यावर माझा राग नाही. त्यानं संगणकात बघून सांगितलं, तुमच्या वयाच्या साठाव्या वर्षापर्यंत मुदत नेता येते, वीस वर्षं करून देतो, हप्ता ३५,२३३ होईल. मी विचारलं, अठराच वर्षं ठेवली तर? ३६,६२७. फरक महिन्याला १,३९४ रुपयांचा. "कमीवालाच घ्या मॅडम, महिन्याला हात मोकळा राहतो." मी घरी हिशोब करूनच गेले होते. वीस वर्षांचे हप्ते साडेचौऱ्याऐंशी लाख, अठरा वर्षांचे एकोणऐंशी लाख. महिन्याला चौदाशे रुपये हात मोकळा राहावा म्हणून साडेपाच लाख जास्त. मी अठरा वर्षं ठेवली. चौदाशे रुपये कुठून आणायचे ते मग बघितलं. लेकीचा एक क्लास बंद केला, हेही इथे लिहिते, कारण हे पैसे हवेतून येत नाहीत.

त्याच वर्षी १८ ऑगस्टला रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं. दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे निवडायची मुभा द्या, आणि दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले, हे विवरणपत्र द्या. म्हणजे न विचारता मुदत वाढलेले आम्ही एकटे नव्हतो. आता हे कागद मागायचा तुम्हाला हक्क आहे. मागा. तिमाही विवरणपत्रात एकच आकडा आधी बघा: उरलेले हप्ते.

त्याआधी, मे महिन्यातच, आम्ही आणखी एक केलं. दोन लाखांची एफडी मोडून कर्जात भरली. सासूबाईंना हे अजिबात पटलं नव्हतं. अडीअडचणीला हाताशी काय राहणार, हा त्यांचा प्रश्न बरोबर होता, म्हणून सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च वेगळा ठेवला आणि मगच हात घातला. पण आकडे बघा. हप्ता तोच ठेवून दोन लाख भरले तर २१६ हप्त्यांचे १९० झाले. सव्वीस हप्ते गेले. साडेनऊ लाखांचे हप्ते, दोन लाखांत. हे साडेनऊ लाख आज खिशात आलेले नाहीत, ते शेवटच्या वर्षांतले आहेत आणि तेव्हाच्या लाखाची किंमत आजच्याएवढी नसेल, हे मला कळतं. तरीही एफडीवर सात टक्के मिळत होते आणि त्यावर कर, इकडे सव्वानऊ टक्के जात होते. बदलत्या दराचं गृहकर्ज वैयक्तिक नावावर असेल तर मुदतीआधी भरण्यावर बँकेला दंड लावता येत नाही. कितीतरी लोकांना अजून वाटतं की लागतो. एक मात्र लक्षात ठेवा, पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहा: मुदत कमी करा, हप्ता नाही.

कर वाचतो म्हणून कर्ज ठेवावं, असं ऑफिसात जेवताना हमखास कुणीतरी म्हणतं. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच वजावट आहे. वीस टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर वाचतात ४१,६०० रुपये. त्यासाठी आधी दोन लाख व्याज द्यावं लागतं. आणि नव्या करपद्धतीत, जी आता आपोआप लागू होते, राहत्या घराला ती वजावट नाहीच.

एका गोष्टीचा अजून त्रास होतो. कर्जासोबत एक विमा चिकटवला होता, ९२ हजारांचा एकरकमी हप्ता, आणि तो आमच्या खिशातून न घेता कर्जाच्या रकमेतच घातला होता. "हा करावाच लागतो." करावा लागत नाही. आयुर्विमा हवाच, घराचं कर्ज डोक्यावर असताना तर नक्कीच, पण तो वेगळा टर्म प्लॅन, म्हणजे फक्त मृत्यूनंतर रक्कम देणारा साधा विमा, घेऊन स्वस्तात होतो. आमचे ते ९२ हजार पावणेसात टक्क्यांनीच वीस वर्षांत एक लाख अडुसष्ट हजार झाले असते. मंजुरीपत्राच्या तिसऱ्या पानावर ती रक्कम लिहिलेली होती. तिथे माझी सहीसुद्धा आहे.

घर घेऊ नका असं मी म्हणत नाहीये. अकरा महिन्यांनी सामान बांधायची धास्ती मी नऊ वर्षं काढली आहे, आणि भिंतीला खिळा ठोकताना कुणाला विचारावं लागत नाही याचं सुख मला माहीत आहे. पण त्या सुखाची पूर्ण किंमत सही करण्याआधी कागदावर मांडली असती तर आम्ही कदाचित एक खोली कमी असलेलं घर घेतलं असतं, किंवा दोन वर्षं थांबून बारा लाखांऐवजी अठरा लाख घातले असते.

माझे वडील, आम्ही अण्णा म्हणतो, एसटीत कंडक्टर होते. गावाकडचं दोन खोल्यांचं घर त्यांनी पतसंस्थेच्या कर्जावर बांधलं. घराच्या उताऱ्यावर कर्जाचा बोजा चढला होता. त्यांच्याकडे एक निळ्या पुठ्ठ्याची वही होती, तिकिटांचा हिशोब ठेवायची सवय असल्यानं अक्षर बारीक आणि रेघा सरळ. हप्ता भरून आले की त्यात तारीख लिहायचे आणि पुढे एकच आकडा: बाकी. हप्ता किती भरला ते लिहीतच नसत. बोजा उतरवून नवा उतारा आणला त्या दिवशी त्यांनी तो देवासमोर ठेवला आणि मग आईला म्हणाले, आता चहा टाक.

मीही आता वही केली आहे. पाच तारखेला हप्ता गेला की उतारा उघडते आणि दोन रकाने भरते, मुद्दल आणि बाकी. २०२५मध्ये रेपो खाली आला तेव्हा आमचा दर सव्वाआठवर आला. बँकेनं विचारलं हप्ता कमी करायचा का. नको म्हटलं. त्या जुलैत मुद्दलाच्या रकान्यात पहिल्यांदा तेरा हजारांच्या वरचा आकडा लिहिला.

अण्णांचा फोन रविवारी येतो. नातीची चौकशी होते, पाऊसपाणी होतं. मग विचारतात, "बाकी किती?" मी वही उघडून सांगते.