मास्क लावून परवान्याचे पिस्तूल बाळगणे हा गुन्हा आहे का? एका फिरत्या संदेशाचा प्रतिवाद

एप्रिल २०२० मध्ये उत्तर कॅरोलायनातल्या आमच्या मराठी मंडळींच्या व्हॉट्सॲप गटावर एक संदेश आला आणि तेव्हापासून थंडीत फ्लूची साथ वाढली किंवा एखाद्या राज्यात मास्कविषयी नवा कायदा झाला की तोच संदेश थोड्याफार फरकाने पुन्हा फिरू लागतो. त्याचा मजकूर थोडक्यात असा आहे: अमेरिकेत तोंडावर मास्क लावलेला असताना अंगावर लपवलेले पिस्तूल बाळगणे ही फेलनी, म्हणजे गंभीर गुन्हा आहे, पिस्तुलाला परवाना असला तरी मास्क लावताक्षणी तो रद्द होतो, आणि अलीकडच्या आवृत्त्यांत भर घातल्याप्रमाणे कोव्हिडच्या काळातली सूट आता संपली आहे, म्हणून परवानाधारकाने मास्क आणि पिस्तूल यांपैकी एकच निवडावे.

हा संदेश वाचून मनस्ताप करून घेतलेल्या एका माणसाला मी जवळून ओळखतो. पेट्रोल पंपाला लागून त्यांचे छोटे दुकान आहे. रात्री गल्ला मोजून रोकड बँकेच्या भिंतीतल्या भरणा-पेटीत टाकायला ते एकटेच जातात आणि तेवढ्यासाठी त्यांनी रीतसर प्रशिक्षण घेऊन काउंटीच्या शेरीफकडून, म्हणजे जिल्ह्याच्या पोलीस प्रमुखाकडून, परवाना मिळवलेला आहे. संदेश आल्यानंतर त्यांनी मास्क लावणेच सोडून दिले. दिवसभरात शेकडो गिऱ्हाइके समोर येत होती आणि घरी पंचाहत्तरी ओलांडलेली आई होती. ज्या संदेशामुळे एखादा माणूस असा निर्णय घेतो, त्यातले प्रत्येक विधान कायद्याच्या शब्दांशी ताडून पाहणे मला आवश्यक वाटते.

पहिले विधान ‘अमेरिकेत’ या शब्दापासूनच चुकते. मास्क लावून शस्त्र बाळगण्याला गुन्हा ठरवणारा कोणताही संघीय, म्हणजे संपूर्ण देशाला लागू असणारा, कायदा नाही. संघीय कायद्यात वेशांतराचा उल्लेख जरूर आहे, आणि तो १८७० च्या दशकाच्या सुरुवातीला, कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या गुप्त संघटनेचे बुरखाधारी घोडेस्वार दक्षिणेत नुकत्याच मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांना मतदानापासून रोखत होते, त्या वेळी आला. परंतु तो गुन्हा घडण्यासाठी दोन किंवा अधिक माणसांनी वेश बदलून रस्त्यावर किंवा दुसऱ्याच्या आवारात जाणे, आणि तेही कोणाला तरी त्याच्या घटनादत्त हक्कांपासून वंचित ठेवण्याच्या हेतूने जाणे, आवश्यक आहे. किराणा आणायला निघालेला, खिशात परवाना असलेला माणूस त्या कलमाच्या जवळपासही येत नाही. मास्कविषयीचे बाकीचे कायदे राज्यांचे किंवा स्थानिक आहेत, ते परस्परांपासून बरेच वेगळे आहेत आणि अनेक राज्यांत तर असा सर्वसाधारण कायदाच नाही.

ज्या राज्यांत कायदा आहे, तिथे तो नेमका काय म्हणतो, ते पाहू. उत्तर कॅरोलायनाचा कायदा १९५३ चा, जॉर्जियाचा १९५१ चा. व्हर्जिनियाचा कायदाही त्याच काळातला आहे. तिन्ही क्लॅनच्या टोप्या आणि झगे डोळ्यांसमोर ठेवून लिहिले गेले. उत्तर कॅरोलायनाच्या कलमात तर चेहऱ्याबरोबर आवाजाचाही उल्लेख आहे: ओळख लपेल अशा रीतीने चेहरा किंवा आवाज बदलणारा मुखवटा, टोपी किंवा साधन लावून सार्वजनिक जागी वावरू नये. या तिन्ही राज्यांच्या मास्कबंदीच्या कलमांत पिस्तुलाचा शब्द नाही. याचा अर्थ असा की मास्क लावणे त्या कलमाखाली बेकायदेशीर असेल तर ते निःशस्त्र माणसालाही बेकायदेशीर आहे आणि कायदेशीर असेल तर सशस्त्र परवानाधारकालाही कायदेशीर आहे. पिस्तुलामुळे त्या प्रश्नाचे उत्तर बदलत नाही. संदेशातली सगळी भीती ‘दोन्ही एकत्र आले की’ या कल्पनेवर उभी आहे आणि या तीन राज्यांत तिला आधार नाही. शिवाय या तिघांत फेलनी हा शब्द व्हर्जिनियापुरता खरा आहे. उत्तर कॅरोलायना आणि जॉर्जिया या दोन्ही ठिकाणी तो मिसडिमीनर, म्हणजे कमी दर्जाचा गुन्हा आहे.

याचे बोलके उदाहरण रिचमंडमध्ये पाहायला मिळाले, आणि तेही साथ येण्यापूर्वी. २० जानेवारी २०२० रोजी बंदुकीच्या हक्कांसाठी व्हर्जिनियाच्या राजधानीत सुमारे २२,००० लोक जमले होते. त्यांतल्या असंख्य लोकांकडे उघडपणे शस्त्रे होती. त्या दिवशी पोलिसांनी एकच अटक केल्याचे जाहीर केले. एका तरुणीने चेहऱ्यावर रुमाल बांधला होता, तो काढण्याची समज तिला आधी दोनदा देण्यात आली होती आणि तिच्यावर आरोप ठेवला गेला तो मास्कच्या कलमाखाली. त्या कलमात शस्त्राचा प्रश्नच येत नाही.

या कायद्यांचा गाभा हेतूत आहे, कापडात नाही. व्हर्जिनियाच्या कलमात ‘ओळख लपवण्याच्या हेतूने’ असे शब्दच आहेत. जॉर्जियाच्या कलमात ते नव्हते. पण क्लॅनचा टोप घालून भर रस्त्यावर उभ्या राहिलेल्या एका माणसाच्या खटल्यात १९९० साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरवताना त्याची व्याप्ती मर्यादित केली. मास्क लावणाऱ्याचा हेतू ओळख लपवण्याचा असला पाहिजे आणि आपल्या वागण्याने इतरांना धाकदपटशाची किंवा हिंसेची रास्त भीती वाटेल, हे त्याला माहीत असले पाहिजे किंवा माहीत असणे अपेक्षित असले पाहिजे, असा अर्थ न्यायालयाने लावला. खोकल्याचे थेंब अडवण्यासाठी लावलेल्या निळ्या सर्जिकल मास्कला ही कसोटी लावून पाहावी. आरोप टिकणार नाही.

आता संदेशाच्या बाजूने जे म्हणता येईल, तेही म्हटले पाहिजे, कारण ते दडवून केलेला प्रतिवाद अर्धवट राहील. मास्क आणि शस्त्र यांची कायद्यातली जोडी खरोखर जुनी आहे. इंग्लंडमध्ये १७२३ च्या ‘ब्लॅक ॲक्ट’ने तोंडाला काजळी फासून शस्त्रासह शिकारीच्या रानात वावरणाऱ्याला थेट मृत्युदंड सांगितला होता. न्यूयॉर्क राज्यात हडसन खोऱ्यातल्या कुळांनी जमीनदारांच्या खंडाविरुद्ध बंड केले, छापील सुती झगे आणि मुखवटे घालून ते शेरीफच्या माणसांना हुसकावून लावू लागले, तेव्हा १८४५ मध्ये जो कायदा झाला, त्याच्या शीर्षकातच वेशांतर केलेल्या आणि सशस्त्र माणसांना प्रतिबंध करण्याचे म्हटले होते. त्याच्यातून उरलेले मास्कबंदीचे कलम न्यूयॉर्कने २०२० मध्ये, ऐन साथीत, रद्द केले.

आणि एक राज्य असे आहे, जिथे ही जोडी आजही कायद्याच्या पुस्तकात आहे. इलिनॉयच्या शस्त्रांच्या बेकायदा वापरासंबंधीच्या कलमात, ओळख लपेल अशा रीतीने टोप, झगा किंवा मुखवटा घातलेला असताना अंगावर किंवा वाहनात पिस्तूल बाळगणे, हा स्वतंत्र गुन्हा म्हणून नोंदलेला आहे. लपवून शस्त्र बाळगण्याचा परवाना देणारा कायदा इलिनॉयने २०१३ मध्ये, सर्व राज्यांच्या शेवटी आणि तोही न्यायालयाने भाग पाडल्यावर, केला. त्यामुळे तिथले परवानाधारक आधीच धास्तावलेले असतात. १ मे २०२० पासून तिथे सार्वजनिक ठिकाणी मास्क अनिवार्य झाला, तेव्हा एकीकडे मास्क लावा म्हणणारा आदेश आणि दुसरीकडे हे कलम, अशा कात्रीत सापडल्यासारखे त्यांना वाटले असेल तर त्यांना दोष देता येणार नाही. माझ्या मते फिरत्या संदेशात सत्याचा जो कण आहे, तो इथला आहे.

पण कण म्हणजे संपूर्ण सत्य नव्हे. त्या कलमातले ‘ओळख लपेल अशा रीतीने’ हे शब्द गाळले की अर्थ उलटा होतो आणि संदेशात नेमके तेच शब्द गाळलेले आहेत. हा गोंधळ वाढल्यावर इलिनॉय राज्य पोलिसांनीच खुलासा केला की मास्कचा आदेश कायदेशीर परवानाधारकांना अडचणीत आणण्यासाठी नाही आणि आरोग्यासाठी मास्क लावून परवान्याचे शस्त्र बाळगणे एवढ्यानेच गुन्हा घडत नाही. ज्या राज्यात कायद्याची भाषा संदेशाला सर्वांत अनुकूल आहे, तिथेच पोलिसांनी त्याच्या विरुद्ध अर्थ सांगितला, तर जिथे अशी भाषाच नाही, तिथे भीती कशाची?

परवाना आपोआप रद्द होतो, या विधानाला फार शब्द खर्च करण्याची गरज नाही. परवाना देणारे आणि काढून घेणारे अधिकारी कायद्याने ठरलेले असतात आणि तो काढून घेण्याची कारणे, जसे की गंभीर गुन्ह्यात दोषी ठरणे, कलमांत लिहिलेली असतात. ‘मास्क लावल्यास’ असे कारण मी पाहिलेल्या कोणत्याही यादीत नाही.

अधिक गोंधळ होतो तो शिक्षा वाढवणाऱ्या तरतुदींमुळे. फ्लोरिडात गुन्हा करताना चेहरा झाकलेला असेल, तर गुन्ह्याची श्रेणी एक पायरी वर जाते. मिशिगनमध्ये गुन्हा सुलभ व्हावा म्हणून मास्क लावणे हा वेगळा गुन्हा आहे. ओहायोच्या जुन्या कलमात ‘पांढऱ्या टोप्या, मुखवटे किंवा अन्य वेश’ घालून आणखी दोघांच्या साथीने गैरकृत्य करण्याला बंदी आहे. या सगळ्या तरतुदींत आधी गुन्हा आहे आणि मग मास्क आहे. परवाना असलेल्या माणसाने कंबरेला पिस्तूल लावून रांगेत उभे राहणे हा मुळात गुन्हाच नाही, त्यामुळे वाढवण्याजोगी शिक्षाही नाही. परवाना आवश्यक असूनही ज्याच्याकडे तो नाही, त्याची गोष्ट निराळी; त्याचे शस्त्र बाळगणे हाच गुन्हा आहे आणि ओळख लपवणाऱ्या मास्कने तो आणखी जड होऊ शकतो. संदेश मात्र परवानाधारकांना उद्देशून आहे.

राहिला सूट संपल्याचा मुद्दा. एप्रिल २०२० मध्ये उत्तर कॅरोलायनाच्या कलमात आरोग्यासाठीची सूट लिहिलेली नव्हती, हे खरे आहे. विधिमंडळाने ती मे महिन्यात घातली, तिला १ ऑगस्टची मुदत लावली आणि जुलैमध्ये ती मुदत काढून टाकली. जॉर्जियाच्या गव्हर्नरांनी एप्रिलमध्ये आणि व्हर्जिनियाच्या गव्हर्नरांनी मे महिन्यात आदेश काढून अशा मास्कसाठी आपापल्या कलमांना मुरड घातली. २०२४ मध्ये उत्तर कॅरोलायनाच्या विधिमंडळात ही सूट काढून टाकण्याचा प्रस्ताव आला, तेव्हा आमच्या गटातल्या कर्करोगाचे उपचार घेणाऱ्या एका बाईंनी विचारलेला प्रश्न मला अजून आठवतो: मी आता दवाखान्याबाहेर मास्क लावायचा की नाही? त्यांचा प्रश्न योग्य होता, कारण पहिल्या मसुद्यात धोका होताच. पण जूनमध्ये गव्हर्नर रॉय कूपर यांचा नकाराधिकार डावलून जो कायदा प्रत्यक्षात आला, त्यात संसर्गजन्य रोगाचा प्रसार रोखण्यासाठी लावलेल्या वैद्यकीय किंवा सर्जिकल दर्जाच्या मास्कला सूट कायम आहे. तिला दोन अटी आहेत: पोलिसाने सांगितल्यास मास्क काढून चेहरा दाखवावा लागतो आणि दुकानाच्या किंवा जागेच्या मालकाने ओळख पटवण्यासाठी विनंती केल्यास तो तात्पुरता उतरवावा लागतो. त्या कलमातही पिस्तूल नाही. ‘सूट संपली’ असे लिहिणाऱ्याने अंतिम कायदा वाचलेला नाही, तो मसुद्याच्या बातमीवर थांबला आहे, असे मला वाटते.

व्हर्जिनियात आणीबाणीचा आदेश संपल्यानंतर वैद्यकीय सूट मूळ शब्दांवर आली आणि त्या शब्दांत डॉक्टरांचा सल्ला आणि सोबत बाळगायचे प्रतिज्ञापत्र आहे. कागद जवळ असणे तिथे नक्कीच बरे. मात्र ओळख लपवण्याचा हेतू सिद्ध करण्याची सरकार पक्षाची जबाबदारी त्यामुळे संपत नाही.

परवानाधारकाने ज्याची काळजी घ्यावी, ती गोष्ट संदेशात कुठेच नाही, आणि मला सर्वांत खटकते ते हेच. उत्तर कॅरोलायनात पोलिसाशी गाठ पडली की आपल्याकडे परवाना आहे आणि अंगावर शस्त्र आहे, हे स्वतःहून सांगणे परवानाधारकावर बंधनकारक आहे. रात्री गाडी बाजूला घ्यायला लावली, तर इंजिन बंद करून आतला दिवा लावावा, दोन्ही हात स्टिअरिंगवर दिसतील असे ठेवावेत, परवाना आणि शस्त्र यांविषयी शांतपणे सांगावे, मास्क काढायला सांगितल्यास ‘काढतो’ असे आधी म्हणून मग सावकाश हात वर न्यावा. कानामागची दोरी सोडवण्याच्या घाईत हात कंबरेकडे गेल्यासारखा दिसणे, हा खरा धोका आहे आणि त्याचा कलमाशी काही संबंध नाही.

त्या दुकानदार गृहस्थांना मी उत्तर कॅरोलायनाचे कलम आणि मे २०२० ची दुरुस्ती छापून दिली आणि आम्ही दोघांनी काउंटरवर उभे राहून ती ओळीने वाचली. त्यांनी कागदाची घडी घालून ती गल्ल्याच्या खणात परवान्याच्या प्रतीखाली ठेवली आणि शेजारच्या खोक्यातून एक मास्क काढून तोंडावर चढवला.