शंखात कोणीतरी राहत होतं : फिरत्या मेसेजला मुद्द्यांनुसार उत्तर

सोलापुरात गड्ड्याची यात्रा जवळ आली की तो मेसेज दरवर्षी नव्यानं फिरायला लागतो. यंदा मला तो चार ग्रुपवर आला. त्यातला एक कोजागरीला सोलापूरहून तुळजापूरला चालत जाणाऱ्या मंडळींचा होता. मेसेज लांबलचक आहे, पण त्यातली मुख्य विधानं ही: शंखातला जीव मोठा झाला की शंख सोडून जातो आणि नवा बांधतो, त्यामुळे शंखापायी कुणाचा जीव जात नाही. शंख हा नर, शिंपला ही मादी आणि कवडी हे त्यांचं पिल्लू. दक्षिणावर्ती, म्हणजे उजव्या वळणाचा, शंख लाखात एक असतो, पण ‘आमच्याकडे’ मिळेल. गोमती चक्र हा गोमती नदीतला दगड आहे. शंख कानाला लावला की आत साठलेला समुद्र ऐकू येतो. आणि आपल्या भागात जमिनीत शंख सापडतात, म्हणजे सोलापूर एके काळी समुद्राखाली होतं.

मी इथं कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवतो. माझ्या देवघरात शंख आहे, आईची परडी आणि कवड्यांची माळ आहे. त्यांच्याबद्दलची श्रद्धा कमी करायला हे लिहीत नाही. ज्या वस्तूला आपण हात जोडतो, ती काय आहे हे खोटं सांगितलेलं मला सहन होत नाही, म्हणून लिहितो.

‘जीव शंख सोडून जातो आणि नवा बांधतो.’

सगळ्यात जास्त पसरलेली आणि सगळ्यात नुकसान करणारी चूक हीच. शंख हे त्या जिवाचं भाड्याचं घर नव्हे, ते त्याचं अंगच आहे. आपला पूजेचा शंख ज्याचा, त्या गोगलगायीचं शास्त्रीय नाव टर्बिनेला पायरम. ती वाळूच्या तळावर राहते आणि वाळूतले किडे खाते. तिची अंडी शिंगासारख्या पिळाच्या, कप्प्याकप्प्यांच्या कोशात असतात. त्यातून बाहेर पडणाऱ्या पिल्लाच्या पाठीवर कवच आधीच असतं, अगदी इवलंसं. पुढं जन्मभर तेच वाढतं. मऊ अंगाची बाहेरची कड, जिला आम्ही प्रावार म्हणतो, ती शंखाच्या तोंडाशी चुनखडीचा थर चढवत जाते. जुनं टाकून नवं घ्यायचा प्रश्नच येत नाही, जुन्यालाच पुढं जोड दिली जाते.

घरातला शंख हातात घ्या आणि मागचं टोक बघा. ते टोक म्हणजे त्या जिवाचं बाळपण. तिथून वळसे मोजत तोंडाकडे या, त्याचं सगळं वय तुमच्या बोटाखालून जाईल. फुंकायच्या शंखाचं नेमकं तेच टोक कापलेलं असतं.

आतल्या मधल्या खांबाला जनावर एका जाड स्नायूनं घट्ट चिकटलेलं असतं. त्याला ओढून काढलं तर ते मरतं. मग हा गैरसमज आला कुठून? किनाऱ्यावर दिसणाऱ्या हर्मिट क्रॅब या खेकड्यावरून. त्याचं पोट मऊ असतं, म्हणून तो मेलेल्या गोगलगायींच्या रिकाम्या शंखात शिरून राहतो आणि वाढला की मोठा शंख शोधतो. घर बदलतो तो खेकडा. शंख ज्यानं घडवला, तो कधीच बदलत नाही.

‘पण समुद्र आपणहून टाकतो ना?’ टाकतो, थोडे. झिजलेले, भोकं पडलेले, पांढुरके. बाजारातला गुळगुळीत, जड शंख बहुतेक वेळा तसा आलेला नसतो. तमिळनाडूत तुतिकोरिन, रामेश्वरमच्या भागात, मन्नारच्या आखातात पाणबुडे तळापर्यंत जाऊन शंख वेचत आले आहेत. तिथं शंख मापाच्या कड्यातून घालून बघायची पद्धत होती. कड्यातून आरपार गेला तर तो लहान, समुद्रात परत सोडायचा. तो जिवंत असल्याशिवाय परत सोडण्याला काही अर्थ आहे का? जिवंत शंख आपल्या देवघरातल्यासारखा पांढराशुभ्रही नसतो. त्यावर तपकिरी, मखमलीसारखी साल असते. मांस कुजवून किंवा काढून, साल घासून, मग तो दुकानात येतो.

कायद्याचं इथंच सांगतो. पूजेच्या शंखावर बंदी नाही, पण शोभेच्या म्हणून विकल्या जाणाऱ्या काही जातींना वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 खाली संरक्षण आहे. शंख-शिंपल्यांसारखे मऊ अंगाचे, म्हणजे मृदुकाय प्राणी त्या यादीत 2001 मध्ये आले. शिरस्त्राणासारखा अवजड कॅसिस कॉर्नुटा, लांबट ट्रायटन, कप्प्यांचा नॉटिलस आणि ट्रिडॅक्ना हा राक्षसी शिंपला हे त्यातले. टेबलावर ठेवायला छान दिसतो म्हणून यातलं काही घेऊ नका.

‘शंख नर, शिंपला मादी, कवडी त्यांचं पिल्लू.’

हे वाक्य गोड वाटतं, पण त्यानं एक अख्खं जग पुसून टाकलं आहे. शंख आणि शिंपला यांच्या वाटा 50 कोटी वर्षांच्या आसपास वेगळ्या झालेल्या आहेत. शंखाला डोकं असतं, सरपटायला पाय असतो आणि जिभेवर कानशीसारखे दात असतात. शिंपल्याला डोकंच नसतं. तो दोन झडपांच्या आड बसून पाणी गाळून खातो. शंखाच्या जातीतच नर आणि मादी दोन्ही असतात, शिंपल्यातही असतात. कोकणातल्या कालवांच्या कुळात तर कित्येक जाती आधी नर असतात आणि पुढं मादी होतात.

कवडी ही पूर्ण वाढलेली, स्वतंत्र गोगलगाय आहे. तिचं पिल्लू साध्या वळशांच्या गोगलगायीसारखं दिसतं. वाढ पुरी झाली की ओठ आत वळतो आणि दाते उमटतात. घरात तुळजाभवानीची माळ असेल तर एक कवडी उजेडात धरा. ओवण्यासाठी तिची पाठ घासून भोक पाडलेलं असतं. त्या भोकातून आत पाहा, खांबाभोवती गुंडाळलेले वळसे दिसतील. बाहेरून कुठंच न दिसणारा शंख आत लपलेला आहे. जिवंतपणी ती आपल्या मऊ कातडीनं सगळी पाठ झाकून घेते, म्हणून कवडीला ती जन्मजात चकाकी. मालदीव आणि लक्षद्वीपच्या समुद्रातली ही कवडी शतकानुशतकं नाणं म्हणून चालली. आपण आजही ‘कवडीमोल’ म्हणतो ते त्या हिशेबातून.

आणि हे गणगोत केवढं! मृदुकाय प्राण्यांच्या आज ज्ञात असलेल्या जाती सुमारे 80,000 आहेत, भारताच्या समुद्रातच तीन हजारांहून जास्त. कोकणातून येणाऱ्या तिसऱ्या (खायचे शिंपले) त्यातल्या, माकुल (स्क्विड) त्यातला, ऑक्टोपसही त्यातलाच. काष्ठौषधीच्या दुकानात मिळणारा, काही जण पोपटाच्या पिंजऱ्यात अडकवतात तो ‘समुद्रफेस’ हा वाळलेला फेस नाहीच. माकुलाचा भाऊबंद असलेल्या कटलफिशचं ते अंगातलं कवच. नखानं खरवडून पाहा, बारीक बारीक कप्पे दिसतात. त्यात हवा आणि पाणी कमीजास्त करून तो पाण्यात वरखाली होतो.

काहींनी कवच सोडूनच दिलं आणि रंगीबेरंगी समुद्री गोगलगायी झाल्या. एक जांभळी गोगलगाय चिकट बुडबुड्यांचा तराफा करून त्याला उलटी लटकते आणि जन्मभर समुद्रावर तरंगत राहते. ऑस्ट्रेलियाकडची एक जात 90 सेंटीमीटरपर्यंत वाढते, तर काही वाळूच्या कणाएवढ्या. हिंदी महासागरात सुमारे 2,400 मीटर खोल, उकळत्या पाण्याच्या झऱ्यांजवळ 2001 मध्ये एक गोगलगाय सापडली. तिच्या पायावर खवले आहेत आणि त्या खवल्यांवर लोखंडाच्या संयुगाचा थर आहे. खोल समुद्रातल्या खाणकामाच्या धोक्यामुळं 2019 मध्ये तिची नोंद संकटग्रस्त म्हणून झाली. वर्गात ही गोष्ट सांगतो तेव्हा मागच्या बाकावरची कुजबुज थांबते.

एक इशारा देतो, कारण मेसेजमध्ये ‘सगळे शंख निरुपद्रवी’ असंही आहे. शंकूच्या आकाराचे, जाळीदार नक्षीचे कोन शंख विषारी काटा मारतात आणि त्यातल्या एका जातीच्या दंशानं माणसं मेली आहेत. समुद्रावर गेलात तर जिवंत कोन शंख उचलू नका. याच कुळातल्या एका शंखाच्या विषावरून झिकोनोटाइड हे तीव्र वेदनांवरचं औषध बनलं, अमेरिकेत त्याला 2004 मध्ये मान्यता मिळाली.

‘दक्षिणावर्ती लाखात एक, पण आमच्याकडे मिळेल.’

माझ्या आत्यानं असा एक शंख चार हजारांना घेतला. मला बोलावून म्हणाली, “बाळा, बघ रे, खरा आहे ना?” मी तिचं बोट धरून शंखाच्या तोंडातून आत घातलं. “काय लागतंय?” “काही नाही, गुळगुळीत आहे.” मग रोजच्या पूजेच्या शंखात तेच बोट घातलं. मधल्या खांबावरच्या तीन-चार ठसठशीत आडव्या वळ्या तिच्या बोटाला लागल्या. टर्बिनेलाची ती खूण आहे, मग तो कुठल्याही बाजूला वळलेला असो.

आत्याच्या हातातला होता अमेरिकेच्या लाइटनिंग व्हेल्क या समुद्री गोगलगायीचा शंख, मेक्सिकोच्या आखातातला आणि अमेरिकेच्या आग्नेय किनाऱ्यावरचा. ती जातच मुळात दक्षिणावर्ती वळणाची असते, त्यामुळं तिथं असा शंख सापडणं नवलाचं नाही. आत्या बराच वेळ गप्प बसली. पैसे गेल्याचं तिला वाईट वाटलंच, पण त्याहून जास्त वाईट वाटलं ते देवापुढं खोटी वस्तू ठेवल्याचं. हे मला फार लागलं.

आपल्या टर्बिनेलामध्ये खरा दक्षिणावर्ती अतिशय दुर्मीळ, हे मेसेजमधलं विधान बरोबर आहे. म्हणूनच कुणी टोपलीभर मांडले असतील तर समजून जा. नावांचाही एक घोळ आहे. शास्त्रज्ञ शंखाचं टोक वर धरतात, आपल्या परंपरेत ते खाली. त्यामुळं आपला दक्षिणावर्ती म्हणजे त्यांच्या भाषेत डावखुरा. वळण कुठून ठरतं हे लिम्निया या गोड्या पाण्यातल्या गोगलगायीत नीट अभ्यासलं गेलं आहे. तिथं पिल्लाचं वळण त्याच्या स्वतःच्या जनुकांवर ठरत नाही, आईच्या जनुकांवर ठरतं. अंड्याच्या पहिल्या काही विभाजनांतच निकाल लागलेला असतो.

‘गोमती चक्र हा नदीतला दगड.’

दगड नाही, दार आहे. टर्बो कुळातल्या समुद्री गोगलगायी अंग आत ओढून घेतल्यावर तोंडावर जे चुनखडीचं झाकण लावतात, ते हे. एक बाजू फुगीर, दुसरी सपाट, आणि सपाट बाजूवर वाढीचा पीळ. गोमती म्हणजे लखनौची नव्हे, द्वारकेची. ती तिथंच समुद्राला मिळते, म्हणून नाव जुळलं.

‘शंखात समुद्र साठलेला असतो.’

भोवतालचेच बारीक आवाज शंखाच्या पोकळीत घुमतात. रिकामा पेला कानाला लावा, तोही घुमतो.

‘जमिनीत शंख सापडतात, म्हणजे सोलापूर समुद्राखाली होतं.’

आपल्या पायाखालचा काळा खडक सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा आहे, आणि तो लाव्हा जमिनीवर पसरला होता. समुद्र आजही इथून अडीचशे किलोमीटरच्या पुढं आहे. मग बांधकामाच्या वाळूच्या ढिगात आम्ही लहानपणी जे इवले शंख वेचायचो, ते कुठले? ती वाळू भीमेची, सीनेची. त्यातले लांबट, टोकदार आणि गोल, पोटाळे शंख हे नदीतल्या गोड्या पाण्याच्या गोगलगायींचे. समुद्रातल्या शंखांचे ते दूरचे नातेवाईक, पण समुद्र त्यांनी कधी पाहिलेला नाही.

ते अजून आहेत. सोलापूरजवळच्या हिप्परग्याच्या तलावावर गेलात तर काठच्या उथळ पाण्यात, शेवाळलेल्या दगडावर हात न लावता थोडा वेळ बघत बसा. एखादा दगडासारखा वाटणारा ठिपका हलतो. दोन बारीक शिंगं बाहेर येतात. सावली पडली की ती आत जातात आणि तोंडावर झाकण बसतं.