कलम १६६ चा फॉरवर्ड: सरकार दहापट देत नाही, आणि निवाड्यानंतरही पैसे आपोआप येत नाहीत

व्हॉट्सअ‍ॅपवरचा तो जुना मेसेज पुन्हा फिरतोय. सलग तीन वर्षं आयकर विवरणपत्र भरणारा माणूस रस्ते अपघातात गेला, तर मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ नुसार त्याच्या सरासरी वार्षिक उत्पन्नाच्या दहापट रक्कम सरकार कुटुंबाला देतं. फक्त दावा करा. खाली सर्वोच्च न्यायालयाच्या अपिलाचा क्रमांक, म्हणजे कुणी शंका घ्यायला नको.

'सरकार देतं.' नाही. भरपाई वाहनमालकाने द्यायची असते आणि विमा असेल तर त्याच्या वतीने कंपनीने. धडक देऊन पळालेलं वाहन सापडलंच नाही, तर सरकारी योजनेतून मृत्यूसाठी २ लाख मिळतात.

'दहापट.' सर्वोच्च न्यायालयाच्या सरला वर्मा खटल्यात (२००९) मृताच्या वयानुसार गुणक, म्हणजे कुटुंबाच्या बुडालेल्या वार्षिक उत्पन्नाला गुणायचे आकडे, ठरले: पंचविशीपर्यंत १८, मग उतरत उतरत पासष्टीपुढे ५. गंमत म्हणजे त्या तक्त्यात १० हा आकडाच नाही.

'विवरणपत्र भरलेलं हवं.' तो उत्पन्नाचा भक्कम पुरावा आहे, अट नव्हे. शेतमजुराच्या विधवेलाही दावा करता येतो.

'दावा केला की पैसे.' खरी फसगत इथे आहे. असे दावे ऐकणाऱ्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने निवाडा दिला की ३० दिवसांत रक्कम जमा करावी, असं कलम १६८ म्हणतं. न भरणाऱ्याकडून मात्र ती आपोआप वसूल होत नाही. विमा कंपनी ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करू शकते. त्यासाठी आधी भरायचे २५ हजार किंवा निवाड्याची निम्मी रक्कम, यातलं जे कमी असेल ते. कोट्यवधींची कंपनी आणि २५ हजार! स्थगिती देताना उच्च न्यायालय बहुधा मोठी रक्कम भरायला लावतं, पण ती काढून घ्यायला वारसांना पुन्हा अर्ज करावा लागतो.

वाहनाचा विमाच नसेल तर हाल आणखी. दरखास्त, म्हणजे निवाड्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करा, मालकाची मालमत्ता तुम्हीच शोधून दाखवा. कलम १७४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे वसुली दाखला जातो आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल व्हायची असते. तोवर ट्रक विकलेला आणि सातबाऱ्यावर भावाचं नाव. वसुलीसाठी दिवाणी न्यायालयाचे सगळे अधिकार न्यायाधिकरणाला २०१९ च्या दुरुस्तीने दिले, पण मालमत्ता हुडकायचं काम वारसांच्याच गळ्यात राहिलं.

मेसेज एक गोष्ट सांगतच नाही: त्याच दुरुस्तीने दाव्याला सहा महिन्यांची मुदत घातली आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर थांबू नका.

आणि पैसे जमा झाले म्हणजे घरी आले असंही नाही. एकट्या गुजरातच्या न्यायाधिकरणांत शेकडो कोटी रुपये कुणी न नेता पडून असल्याचं सर्वोच्च न्यायालयासमोर आलं. एप्रिल २०२५ मध्ये न्यायालयाने आदेश दिला की दाव्यातच पत्ता, आधार, पॅन घ्या आणि निवाड्याच्या वेळी बँक खात्याचा तपशील मागा. जुना दावा चालू असेल आणि मधल्या काळात घर बदललं असेल, तर नवा पत्ता वकिलाकरवी आजच नोंदवा.