मूठभर बिया

रात्री दोन वाजता पोटरीला गोळा आला की माणूस ज्या आवाजात ओरडतो, तो आवाज आमच्या सोसायटीनं गेल्या दोन महिन्यांत चार वेळा ऐकला. चौथ्या वेळी खालच्या मजल्यावरचे काका चोर आला असं समजून काठी घेऊन वर आले. मग मात्र डॉक्टरकडे जावंच लागलं. डॉक्टरांनी पाणी किती पिता, चालता किती असे अडचणीत आणणारे प्रश्न विचारले, चिठ्ठीवर एक गोळी खरडली, आणि मी दारापर्यंत पोचल्यावर मागून म्हणाले, "अन् मूठभर भोपळ्याच्या बिया खात जा रोज. मॅग्नेशियम असतं त्यांत."

ते एवढं बोलून पुढच्या पेशंटकडे वळले. मी तिथून थेट सुक्या मेव्याच्या दुकानात गेलो.

दुकानात हिरव्यागार, टपोऱ्या बियांचं पाकीट होतं. दोनशे ग्रॅम, किंमत दोनशे दहा रुपये. मूठ म्हणजे साधारण तीस ग्रॅम, म्हणजे पाकीट आठवडाभरही पुरणार नाही. महिन्याचे साडेनऊशेच्या घरात. मी बँकेत नोकरी करतो, त्यामुळे असे हिशोब मला नको असताना येतात. आणि तिथं उभ्या उभ्याच मला आमच्या घरची ओल्या कचऱ्याची बादली आठवली. लग्नाला एकवीस वर्षं झाली. या एकवीस वर्षांत घरात किती डांगरं चिरली गेली असतील, आणि त्या प्रत्येकाच्या बिया मी स्वतःच्या हातानं, सकाळी सव्वासातला, घंटागाडीत नेऊन टाकल्या होत्या. एवढी थकबाकी मी बँकेतसुद्धा कुणाची सोडलेली नाही. पाकीट परत फळीवर ठेवलं.

गणपतीचे दिवस होते. बुधवारी गंगेवरच्या बाजारात गेलो आणि साडेतीन किलोचं अख्खं डांगर उचललं. नाशिकला गोदावरीला गंगाच म्हणतात. भाजीवाल्या मावशी नेहमी मला पाव किलोची फोड देतात. त्या म्हणाल्या, "अख्खं? घरी लग्न निघालं का, दादा?" एकशे चाळीस रुपये दिले. भरपावसात, एका हातात छत्री आणि दुसऱ्या हातात डांगर घेऊन रिक्षा शोधणाऱ्या माणसाला रिक्षा मिळत नाही, हेही त्या दिवशी कळलं.

घरी आधी नावावरून वाद. मी आणि आई त्याला डांगर म्हणतो. बायको अमरावतीची, तिच्यासाठी ते कोहळं. मुलगी पम्पकिन म्हणते. पुण्याच्या मावसबहिणीला फोनवर "डांगर आणलंय" म्हटलं तर ती म्हणाली, "अय्या, या पावसात पापड?" कारण तिच्याकडे डांगर म्हणजे उडदाच्या पिठाचा गोळा. नाव काहीही असलं तरी आईचा नियम ठाम होता. "बायकांनी अखंड फळाला पहिली सुरी लावायची नाही. पुरुषानं चिरायचं." खरं तर हा नियम कोहळ्याचा. देवीपुढे बळी म्हणून कोहळा फोडतात, तो पांढरा. पण बायकोनं तत्परतेनं सांगितलं, "आमच्याकडे यालेच कोहळं म्हणतात. तुम्हीच कापा." एकवीस वर्षांत भाजीच्या नावाचा तिला झालेला हा पहिला उपयोग.

सुरी दोन इंच आत गेली आणि थांबली. पुढे जाईना, मागे येईना. विळ्या-भोपळ्याच्या सख्याबद्दल शाळेत वाचलं होतं, पण त्यात विळाच हरू शकतो हे कुणी शिकवलं नव्हतं. शेवटी मी सुरीसकट अख्खं डांगर डोक्यापर्यंत उचललं आणि ओट्यावर आपटलं. दुसऱ्या आपटीला ते दुभंगलं. तिसऱ्या मिनिटाला दार वाजलं. खालचे काका, काठीसह.

"काही नाही काका, भाजी चिरतोय."

आत पाहिलं तर बिया पांढऱ्या. मी गप्प झालो. आईला माझी निराशा कळली. "अरे, ते हिरवं आतलं असतं. वरचं साल पांढरंच." मग दुकानातल्या बिनसालीच्या कशा? हे शोधण्यात माझी अर्धी दुपार गेली. ऑस्ट्रियात स्टायरिया नावाचा प्रांत आहे. तिथल्या भोपळ्याच्या बियांना कठीण सालच येत नाही. निसर्गात केव्हातरी एक चूक झाली आणि बी नुसत्या पातळ पापुद्र्यात जन्माला आली. त्या बियांचं ते गडद हिरवं तेलही काढतात. गंगेवरच्या बाजारातल्या डांगराकडून अशी चूक झालेली नाही. प्रत्येक बी चिलखत घालून बसलेली.

बिया बाहेर काढायच्या म्हणजे चमच्यानं खरवडायच्या, असं वाटतं. प्रत्यक्षात चमच्याबरोबर येते ती जाळी. नारिंगी, बुळबुळीत, दोऱ्यादोऱ्यांची, आणि प्रत्येक बी तिला एका टोकाशी बांधलेली. बी बोटांत धरून ओढावी तर ती सुटत नाही, सटकते. पहिली फ्रिजमागे गेली. दुसरी आईच्या चहात. बायको शांतपणे म्हणाली, "काहून एवढा जीव काढता त्या बियांचा? पाण्यात टाका ना." टाकल्या. बिया वर तरंगल्या, जाळीचा बराचसा भाग खाली बसला. मला एवढं सोपं काही आवडत नाही, पण दुसरा उपाय नव्हता. निथळून मुलीच्या केकच्या वजनकाट्यावर ठेवल्या. दीडशे ग्रॅम. पाकिटाचा पाऊण भाग! दीडशे रुपयांचा माल पहिल्याच दिवशी वसूल. त्या रात्री मी झोपेत ओरडलो नाही.

बाहेर भाद्रपदाचा पाऊस, म्हणून बिया वर्तमानपत्रावर पसरून पंख्याखाली ठेवल्या. सकाळी पाहतो तर बिया आणि वर्तमानपत्र एकजीव. ओल्या बीच्या अंगावर एक चिकट पापुद्रा असतो. तो वाळताना ज्याच्यावर असेल त्याला धरतो. सोडवताना कागद बीसोबत येऊ लागला. एका बीवर 'मुख्यमंत्र्यांची' आणि दुसरीवर 'तीव्र शब्दांत' एवढं वाचता येत होतं.

"राख लावायची असते," आई म्हणाली. हे तिनं आदल्या दिवशी सांगितलं असतं तर बरं झालं असतं, पण आईच्या माहितीचा साठा मागणीनुसारच बाहेर येतो. निफाडच्या आमच्या जुन्या घरी आजी बियांना चुलीची राख चोळायची. बुळबुळीतपणा जायचा, कीडही लागायची नाही. मग पत्र्यावर दोन दिवस ऊन. आता पाचव्या मजल्यावर राख कुठून आणायची? आई देवघराकडे बघत राहिली.

सोसायटीच्या गणपतीपुढे मोठं तबक असतं. सहा दिवसांची उदबत्तीची राख त्यात साचली होती. आरती संपल्यावर, लोक प्रसादाच्या रांगेत असताना, मी ती वाटीत भरून घेतली. सेक्रेटरींनी पाहिलं. "अंगारा?" त्यांनी हळूच विचारलं. "पायाला," मी म्हणालो. ते खोटं नव्हतं. त्यांनी भक्तिभावानं आणखी चिमूटभर घातली.

राखेनं खरंच काम केलं. बिया कोरड्या, सुट्या झाल्या. फक्त त्यांना मोगऱ्याचा वास यायला लागला. तीन दिवस पंख्याखाली ठेवून वाळवल्या. सत्तर ग्रॅम उरल्या. तीन दिवस मी येता-जाता त्यांना हात फिरवत होतो. बायकोनं ते पाहिलं आणि काही बोलली नाही, हेच जास्त लागलं.

दरम्यान उरलेलं डांगर संपवणं चालू होतं. पहिल्या दिवशी भाजी, दुसऱ्या दिवशी भरीत, मग घारगे, मग खीर. घारग्यांना गूळ आणि तेल, खिरीला तूप आणि साखर. तब्येतीसाठी म्हणून सुरू झालेल्या या प्रकरणात एका आठवड्यात माझं वजन दीड किलो वाढलं. सांबारात फोडी दिसल्या तेव्हा मुलगी डबा उघडून नुसतं "बाबा" म्हणाली.

बिया खणखणीत वाळल्यावर मी भाजायला घेणार, तोच मुलीनं एक व्हिडिओ दाखवला. त्यातली बाई हसत हसत सांगत होती की नुसतं वरून मीठ घातलं तर ते सालीला लागत नाही, कढईच्या तळाशी बसतं. म्हणून बिया आधी मिठाच्या पाण्यात दहा मिनिटं उकळायच्या आणि मग वाळवायच्या. मी तीन दिवस वाळवलेल्या बिया पाण्यात टाकल्या. त्या क्षणाबद्दल मी अधिक लिहीत नाही.

पुन्हा एक दिवस पंखा. मग अर्ध्या बिया जाड बुडाच्या कढईत, मंद आचेवर. पाच मिनिटं काहीच झालं नाही. मग एक बी फुगली. साल आणि गर यांच्यामध्ये अडकलेल्या पाण्याची वाफ होते, कडा घट्ट मिटलेल्या असतात, वाफेला वाट मिळत नाही. हे सगळं मला माहीत होतं. माहीत असूनही मी वाकून बघायला गेलो. 'फट्ट!' बी चष्म्याच्या काचेवर. चष्मा होता म्हणून हा लेख लिहितोय. त्यानंतर कढईत दिवाळी सुरू झाली. मी डाव्या हातात झाकण ढालीसारखं धरून उजव्या हातानं ढवळत होतो. झाकण ठेवलं की वाफ धरून बिया मऊ पडतात, काढलं की गोळीबार. या धांदलीत आच मोठी झाली आणि खालच्या बिया काळ्या झाल्या.

उरलेल्या अर्ध्या मुलीच्या ओव्हनमध्ये टाकल्या. दीडशे अंश, वीस-पंचवीस मिनिटं, अधूनमधून हलवून, असं व्हिडिओत होतं. पंधरा मिनिटं झाली तरी रंग बदलेना. बँकेत अठ्ठावीस वर्षं काढलेल्या माणसाला कामाचा वेग वाढवावासा वाटणं तसं दुर्मीळच, पण मी बटण दोनशे वीसवर नेलं आणि फोन घ्यायला बाहेर गेलो. फोन पुण्याच्या मावसबहिणीचा होता. पापड कसे झाले म्हणून.

परत आलो तेव्हा स्वयंपाकघरात मोगऱ्याचा धूर होता. सोसायटीच्या ग्रुपवर पाचव्या मिनिटाला प्रश्न आला, "कुणाचं काही जळतंय का?" पाठोपाठ दुसरा, "वायरिंग?" सेक्रेटरींनी लिहिलं, "देवघरात पाहा, उदबत्तीचा वास आहे." आता इथं मी खरं सांगायला हवं होतं. पण माणसाचा स्वाभिमान अशा वेळी नेमका जागा होतो. मी सगळ्यांत देखण्या अकरा बिया निवडून पांढऱ्या बशीत मांडल्या, शेजारी कढीलिंबाचं पान ठेवलं, फोटो काढला आणि लिहिलं, "भोपळ्याच्या बिया भाजतोय. घरच्या घरी, एकदम सोप्पं. बाजारच्यापेक्षा उत्तम होतात." सतरा अंगठे आले. खालच्या काकांनी हात जोडलेले पाठवले.

बिया सालासकट खाता येतात म्हणे. मी एक चावली. चटईची काडी चावल्यासारखं वाटलं. म्हणून सोलायला बसलो. काळ्या बिया टाकून उरलेला ढीग पुढे, वाटी शेजारी, मांडी घालून. कडेला नख लावायचं, साल उकलायची, आतला हिरवा गर मोडू न देता काढायचा. आजी हे काम गप्पा मारता मारता करायची, हातांकडे न बघता. मला एका बीला अर्धं मिनिट लागत होतं, आणि चौथी-पाचवी नेमकी आतून पोकळ निघायची. पावणेदोन तास बसलो. उठायला गेलो आणि डाव्या पोटरीला गोळा आला.

माझ्या ओरडण्यानं दार वाजलं. यावेळी काकांनी काठी आणली नव्हती. ते म्हणाले, "आवाज ओळखीचा झालाय."

वाटीतला माल काट्यावर ठेवला. चोवीस ग्रॅम. मूठसुद्धा भरली नाही. शंभर ग्रॅम सोललेल्या बियांत मॅग्नेशियम साधारण साडेपाचशे मिलिग्रॅम धरलं, तर माझ्या वाट्याला एकशे तीसच्या आसपास आलं. मोठ्या पुरुषाला दिवसाला चारशेच्या जवळपास लागतं. म्हणजे आठ दिवस राबून मी एका दिवसाच्या गरजेचा तिसरा हिस्सा मिळवला होता. दुकानाच्या भावानं हे पंचवीस रुपये झाले. त्यातही आईनं "बघू कशा झाल्यात" म्हणून चिमूट घेतली, बायकोनं घेतली, मुलीनं सॅलडवर टाकून फोटो काढला. मला सात आल्या. चव चांगली होती. किंचित देवळासारखी.

एवढ्यावर हे संपायला हरकत नव्हती. पण गणपती गेले आणि पितृपक्ष लागला. पितृपक्षात घरोघरी गवार-भोपळ्याची भाजी होतेच. मी आईला सांगून पाहिलं की हे फळ मूळचं अमेरिकेतलं, १४९२ नंतर केव्हातरी आपल्याकडे आलं, म्हणजे वीस पिढ्यांपलीकडच्या पितरांनी ते डोळ्यांनीही पाहिलं नसणार. आई म्हणाली, "मग आता चाखू देत की त्यांना."

चतुर्थीच्या दुपारी बेल वाजली. दारात खालचे काका. हातात कॅरीबॅग, तिच्यातून नारिंगी पाणी ठिबकत होतं.

"तुम्ही इतक्या छान करता म्हणून आणल्या. वाया कशाला घालवायच्या?"

त्यांच्या मागे जिन्यात वरच्या मजल्यावरच्या काकू स्टीलचा डबा घेऊन थांबल्या होत्या. त्यांच्यामागे सेक्रेटरींचा मुलगा, मोठं पातेलं घेऊन. त्यानं सांगितलं, "बी विंगचं मिळून आहे. पप्पांनी विचारलंय, शनिवारपर्यंत होतील का?"

मी पातेलं हातात घेतलं. आतून आईचा आवाज आला, "खाली उतरलास तर उदबत्तीचे चार पुडे आण रे. मोगरा नको. साध्या."