बापाचं हेल्मेट

आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर अर्जुन तेंडुलकरचं नाव निघालं की काका आणि आत्या जुंपतात. 2022 साली त्याने गोव्याकडून रणजी पदार्पणात शतक ठोकलं, ते आत्या अजून ऐकवते. काकांचं पालुपद एकच : 'आडनाव बघा.' मी राहतो इंग्लंडात, सिल्व्हरस्टोनच्या मोटार-शर्यतींच्या ट्रॅकपासून अर्ध्या तासावर. परवा मध्येच फॉर्म्युला वन या मोटार-शर्यतीतल्या डेमन हिलचं नाव काढलं आणि दोघांच्याही शिव्या खाल्ल्या.

डेमनचे वडील ग्रॅहॅम हिल. 1962 आणि 1968 चे फॉर्म्युला वन विजेते, मोनॅकोची शर्यत 5 वेळा जिंकलेले. एवढा वशिला असल्यावर पोराला काय कमी? पण नोव्हेंबर 1975 मध्ये ग्रॅहॅम स्वतः चालवत असलेलं विमान लंडनजवळ धुक्यात कोसळलं. सोबत त्यांच्या संघातले 5 जण गेले. विमा लागू झाला नाही, भरपाईच्या दाव्यांत घरचा पैसा गेला. डेमन तेव्हा 15 वर्षांचा. पुढे तो मोटरसायकलवरून कुरिअर पोचवायचा, शर्यतीही आधी मोटरसायकलच्याच. फॉर्म्युला वनमध्ये पहिल्यांदा धावला तेव्हा वय 31. 1994 मध्ये ॲडलेडला प्रतिस्पर्धी शूमाकरच्या गाडीशी टक्कर झाली, मोसमाचं विजेतेपद 1 गुणाने हुकलं. 1996 ला जपानमधल्या सुझुकात ते मिळालं, पण तोवर विल्यम्सने, म्हणजे त्याच्याच संघाने, पुढच्या मोसमासाठी त्याला नारळ देऊनही टाकला होता.

म्हणून इथली माणसं डेमनबद्दल हळवी होतात. घराणेशाही हा शब्द त्याच्या बाबतीत कुणाच्या तोंडी येत नाही.

काकांनी लगेच मुद्दा पकडला : 'बघ, तिथे घड्याळ ठरवतं. आपल्याकडे निवड समिती.'

मला हे पटत नाही. घड्याळ सुरू होतं ते गाडीत बसल्यावर, आणि बसायलाच पैसा लागतो. फॉर्म्युला वनच्या हॅमिल्टनच्या वडिलांनी पोराच्या कार्टिंगसाठी, म्हणजे छोट्या गाड्यांच्या शर्यतींसाठी, एका वेळी दोन-तीन नोकऱ्या केल्या. तिथल्याच वेर्स्टापेनच्या घरात वडील फॉर्म्युला वनचे, आई कार्टिंगची. तो 17 व्या वर्षीच फॉर्म्युला वनच्या शर्यतीत. दोघेही अस्सल, पण ज्या पोराने कार्ट कधी पाहिलंच नाही त्याचा वेळ कुठलं घड्याळ मोजणार? गंमत म्हणजे खुद्द ग्रॅहॅम 24 व्या वर्षी गाडी चालवायला शिकले आणि ब्रँड्स हॅचच्या ट्रॅकवर 5 शिलिंगला एक फेरी या दराने शर्यतीची गाडी पहिल्यांदा चालवली. आज त्या वयाच्या नवख्याला कुणी दारात तरी उभं करेल का? अर्जुन लायक आहे की नाही यावर आमच्याकडे रात्री जातात. नवख्याचा हा प्रश्न मी ग्रुपवर टाकला, तर खाली नुसत्या दोन निळ्या खुणा.

डेमनने हेल्मेट वडिलांसारखंच ठेवलं : गडद निळं, त्यावर लंडन रोइंग क्लबची पांढरी वल्ही. त्याचा मुलगा जॉशही शर्यतीत उतरला आणि 2013 मध्ये सगळं सोडून मोकळा झाला. हे लिहिलं तेव्हा मात्र आत्याचा मेसेज लगेच आला :

'घरच्यांनी सोडू दिलं त्याला?'